हप्ता दिसतो, व्याज दिसत नाही

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)

'घर पाहावं बांधून' असं आपल्याकडे म्हणतात. हल्ली घर कुणी स्वतः बांधत नाही, बांधलेलं विकत घेतो. त्यामुळे म्हण थोडी बदलून 'घर पाहावं फेडून' अशी करायला हरकत नाही. आज बोलायचं आहे ते या फेडण्याबद्दल. गृहकर्जाचा खरा खर्च किती येतो, तो कुठे लपलेला असतो आणि आपण तो किती कमी करू शकतो, याबद्दल.

मी बँकेतला माणूस नव्हे. नाशिकच्या एका शाळेत मी बत्तीस वर्षं गणित शिकवलं. चक्रवाढ व्याजाचं सूत्र माझ्या विद्यार्थ्यांना झोपेतून उठवून विचारलं तरी येत असे. पण स्वतःच्या कर्जाचे कागद मात्र मी झोपेतच सही केले होते, हे आधीच कबूल करतो.

ही गोष्ट २००४ सालची. माझं वय तेव्हा अडतीस. दोन खोल्या आणि स्वयंपाकघर असलेला फ्लॅट घेतला. त्यासाठी आठ लाखांचं कर्ज काढलं. मुदत वीस वर्षं, म्हणजे निवृत्तीच्या वर्षी, अठ्ठावन्नाव्या वर्षी फिटणारं. पहिली तीन वर्षं साडेसात टक्के स्थिर दर आणि पुढे बाजाराप्रमाणे बदलता दर. हप्ता ६,४४५ रुपये. मी आणि माझ्या पत्नीनं एवढाच एक आकडा पाहिला. पगारातून इतके गेले तर उरलेल्यात भागेल का? भागेल. झाला निर्णय. बहुतेक घरांत तो असाच होतो.

२००७ साली तीन वर्षं संपली आणि दर दहा टक्के झाला. बँकेचं पत्र आलं. त्यात लिहिलं होतं की तुमचा हप्ता आहे तोच राहील, मुदतीत बदल होईल. मला हायसं वाटलं. पत्र मी घडी करून फाइलमध्ये ठेवणार होतो. पत्नी म्हणाली, "अहो, खालचा आकडा वाचला का?" खाली लिहिलं होतं : शिल्लक हप्ते ३८६.

तीनशे शहाऐंशी भागिले बारा म्हणजे बत्तीस वर्षं. तीन वर्षं हप्ते भरून झाल्यावर सतरा वर्षं उरायला हवी होती, तिथे बत्तीस उरली होती. माझं वय एक्केचाळीस. म्हणजे कर्ज फिटेल तेव्हा मी त्र्याहत्तर वर्षांचा असणार आणि निवृत्तिवेतनातून हप्ता भरत असणार! त्या रात्री मी फळ्यावरचं सूत्र पहिल्यांदा स्वतःसाठी वापरलं.

हिशेब अगदी सोपा होता. तीन वर्षांत सव्वादोन लाखांहून जास्त भरले होते, तरी कर्ज आठ लाखांवरून ७ लाख ४२ हजारांपर्यंतच उतरलं होतं. आता या रकमेवर दहा टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं ६,१८२ रुपये. हप्ता ६,४४५. म्हणजे महिन्याला मुद्दल फिटणार फक्त २६३ रुपये. बँकेनं काही चोरलं नव्हतं. करारात जे लिहिलं होतं तेच केलं होतं. आमच्या पदरी हप्त्याचं समाधान ठेवून वर्षं वाढवली होती, एवढंच.

इथे समान मासिक हप्त्याचं अंतरंग समजून घ्यायला हवं. हप्ता दर महिन्याला सारखा असला तरी त्याच्या पोटातले दोन भाग, व्याज आणि मुद्दल, दर महिन्याला बदलतात. बँक आधी त्या महिन्यात शिल्लक असलेल्या कर्जावरचं व्याज कापून घेते. उरेल ते मुद्दलात जातं. सुरुवातीला शिल्लक मोठी, म्हणून व्याज मोठं आणि मुद्दलाच्या वाट्याला चिल्लर.

आजच्या काळातलं उदाहरण घेऊ. समजा तीस लाखांचं कर्ज आहे, साडेआठ टक्के दरानं, वीस वर्षांसाठी. हप्ता येतो सुमारे २६,०३५ रुपये. पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजाचे आणि ४,७८५ मुद्दलाचे. पाच वर्षांनी तुम्ही १५ लाख ६२ हजार भरलेले असतात आणि कर्ज कमी झालेलं असतं साडेतीन लाखांच्या आसपास. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, आपल्याला वाटतं की अर्धं कर्ज फिटलं. प्रत्यक्षात २१ लाख शिल्लक असतात. कर्ज निम्म्यावर येतं ते चौदाव्या वर्षाच्या अखेरीला. आणि वीस वर्षांत एकूण भरणा होतो ६२ लाख ४८ हजार. घेतले तीस, परत केले बासष्ट.

आता मुदतीकडे पाहा. हेच कर्ज पंधरा वर्षांत फेडायचं ठरवलं तर हप्ता येतो सुमारे २९,५४० रुपये. म्हणजे महिन्याला साडेतीन हजार जास्त. पण एकूण व्याज ३२ लाख ४८ हजारांवरून २३ लाख १८ हजारांवर येतं. नऊ लाखांहून जास्त वाचतात. उलट तीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता फक्त तीन हजारांनी उतरतो आणि व्याज चढतं ५३ लाखांवर. 'तुम्हाला परवडेल असा हप्ता करून देतो' असं कुणी गोड बोलून सांगितलं की मी आता एकच प्रश्न विचारतो. किती वर्षं, आणि एकूण किती?

कर्जाच्या खर्चात आणखी काही गोष्टी असतात. मुद्रांक शुल्क आणि अधिभार मिळून महाराष्ट्रातल्या मोठ्या शहरांत साधारण सहा ते सात टक्के जातात, शिवाय नोंदणी फी. प्रोसेसिंग फी, वकिलाचा शोध-अहवाल, मूल्यांकनाची फी, हे वेगळं. यांत सर्वांत फसवा असतो तो कर्जाबरोबर दिला जाणारा विमा. विमा वाईट नाही. कर्त्या माणसाला काही झालं तर घर कुटुंबाकडे राहावं, यासाठी तो हवाच. पण एकरकमी पन्नास हजारांचा हप्ता 'कर्जातच जमा करू, खिशातून काही द्यायला नको' असं म्हटलं की तो वीस वर्षांच्या व्याजासह एक लाख चार हजारांना पडतो. शक्य असेल तर विम्याचे पैसे खिशातूनच भरावेत. आणि विमा बँक सांगेल त्याच कंपनीचा घ्यायला हवा असं नसतं, हेही लक्षात ठेवावं.

मग आम्ही काय केलं? दुसऱ्या दिवशी मी शाखेत गेलो. साहेब म्हणाले, "सर, आत्ता कशाला काळजी करता? निवृत्तीच्या वेळी बघू." मी म्हटलं, "साहेब, मी गणिताचा मास्तर आहे. उत्तर शेवटी बघायचं नसतं, पायरी पायरीनं बघायचं असतं." मुदत सतरा वर्षांचीच ठेवायची तर हप्ता ७,५७६ होत होता, म्हणजे अकराशे तीस रुपयांची वाढ. मी अर्ज दिला आणि तो हप्ता सुरू केला. त्या काळात अकराशे रुपये आम्हाला सोपे नव्हते. पत्नीच्या हिशेबाच्या वहीत त्या वर्षी दिवाळीच्या कपड्यांपुढे एक रेघ आहे, बाकी काही नाही. २००९ साली सहाव्या वेतन आयोगानं पगार वाढला, तेव्हा हप्ता दहा हजारांवर नेला. शिवाय पेपर तपासणीचे पैसे आणि पत्नीची भिशी मिळून दर वर्षी पंचवीस हजार मुद्दलात भरत गेलो. २०१६ साली कर्ज फिटलं. ठरलेल्या मुदतीच्या आठ वर्षं आधी, आणि त्या पत्रातल्या तारखेच्या तेवीस वर्षं आधी.

जादा भरण्याबाबत एक गोष्ट नीट ध्यानात घ्यावी. ते जितकं लवकर, तितकं मोलाचं. त्या तीस लाखांच्या कर्जात पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे अठरा हप्ते वाचतात. म्हणजे चार लाख सत्तर हजार. तेच एक लाख दहाव्या वर्षाच्या शेवटी भरले तर जेमतेम नऊ हप्ते वाचतात. आणि एकरकमी काही जमत नसेल तर वर्षाला बाराऐवजी तेरा हप्ते भरावेत. बोनस, सणाची उचल, शेतातलं काही आलं, त्यातून एक जादा. एवढ्यानंही वीस वर्षांचं कर्ज पावणेसतरा वर्षांत संपतं आणि सहा लाखांहून जास्त वाचतात. पैसे भरताना मात्र लेखी सांगावं की हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा.

आमच्या वेळी मुदतीआधी कर्ज बंद करायला अनेक ठिकाणी दंड लागत असे. आता बदलत्या दराच्या गृहकर्जावर तो लागत नाही. गृहवित्त कंपन्यांसाठी २०११ साली आणि बँकांसाठी २०१२ साली तो बंद झाला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडली गेली. त्यामुळे दर कसा ठरतो ते आपल्याला दिसतं, पण तो चढतोही तितक्याच वेगानं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो चार टक्क्यांवरून साडेसहावर गेला, तेव्हा असंख्य घरांत माझ्यासारखीच पत्रं आली असतील. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं नियम केला. दर बदलला तर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे. मुदत इतकी ताणायची नाही की हप्त्यातून व्याजही सुटू नये. किती हप्ते उरले ते दर तिमाहीला कळवलं पाहिजे. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर सगळा खर्च धरून काढलेला वार्षिक दर सांगणारं एक पत्रकही द्यावं लागतं. दोन बँकांची तुलना करायची तर जाहिरातीतल्या दराची करू नये, या पत्रकातल्या दराची करावी. २०२५ मध्ये रेपो पुन्हा खाली आला. दर उतरेल तेव्हा हप्ता उतरवून घेण्याचा मोह टाळावा. हप्ता तोच ठेवला की मुदत आपोआप आखडते.

आता दुसरी बाजूही सांगायला हवी, नाहीतर हिशेब एकतर्फी होईल. बासष्ट लाख ऐकून घाबरून घरच घेऊ नये, असं मी म्हणत नाही. वीस वर्षांनंतरचे २६ हजार म्हणजे आजचे २६ हजार नव्हेत. महागाई पाच टक्के धरली तर त्यांची किंमत आजच्या दहा हजारांच्या आसपास असेल. पगार वाढतो, हप्ता तिथेच राहतो. शिवाय भाडंही दर वर्षी वाढतं आणि भाड्यानं घर आपलं होत नाही. म्हणून हातातली पै न् पै कर्जात घालू नये. निदान सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला ठेवावेत, आरोग्यविमा घ्यावा, मग जादा भरावं. दुखणं आलं की बँक भरलेलं मुद्दल परत देत नाही.

'प्राप्तिकराची सवलत मिळते, मग कर्ज कशाला फेडायचं?' असंही पुष्कळ जण विचारतात. स्वतः राहत्या घराच्या कर्जावरच्या व्याजाची वर्षाला दोन लाखांपर्यंतची वजावट फक्त जुन्या करपद्धतीत मिळते, नव्या पद्धतीत नाही. आणि ती मिळाली तरी शंभर रुपये व्याज भरून तीस-एकतीस रुपये कर वाचवणं हा नफ्याचा धंदा नव्हे.

कर्ज फिटल्यावर आणखी एक काम उरतं, ते विसरू नये. बँकेकडून मूळ कागदपत्रं आणि कर्ज फिटल्याचा दाखला घ्यावा, बोजा उतरवून घ्यावा. मूळ कागद तीस दिवसांत परत मिळाले पाहिजेत, असा डिसेंबर २०२३ पासून नियम आहे. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई आहे.

आमचे कागद आले त्या दिवशी पत्नीनं हिशेबाची वही काढली. त्यात २००७ सालचं ते पत्र अजून घडी करून ठेवलं होतं. निवृत्तीनंतर आता मुलगा पुण्यात घर बघतो आहे. परवा त्याचा फोन आला, "बाबा, हप्ता बत्तीस हजार बसतोय, जमेल." मी काही बोलायच्या आत त्याच्या आईनं फोन घेतला आणि विचारलं, "किती वर्षं, आणि एकूण किती?"