झरपटचे पाणी आणि लिंगोचा तुंबा

ऊर्जानगरच्या वसाहतीत दिवसाची झोप हा घरोघरचा प्रश्न आहे. रात्रपाळी संपवून आलेला माणूस सकाळी क्वार्टरमध्ये शिरतो. खिडकीवर पडद्याच्या वर जुनी चादर टांगली जाते, मिक्सर लावायचे थांबते, ‘बाबा झोपलेत’ म्हणत पोरांना बाहेर पिटाळले जाते. चंद्रपूरच्या औष्णिक वीज केंद्राचा पहिला संच १९८३ मध्ये सुरू झाला. आज तिथली क्षमता २९२० मेगावॅट आहे, आणि तिच्यासाठी कोणाला तरी रोज रात्र जागावी लागते. या वसाहतीला खेटून असलेल्या शहराची जन्मकथा मात्र एका आजारी राजाला लागलेल्या गाढ झोपेपासून सुरू होते.

तो राजा म्हणजे गोंड राजा खांडक्या बल्लाळशहा. काळ पंधराव्या शतकाचा उत्तरार्ध. त्याच्या अंगभर गाठी होत्या आणि औषधांचा उपयोग होत नव्हता. राणीच्या सांगण्यावरून त्याने राजधानी सिरपूरहून वर्धा नदीच्या काठी, आजच्या बल्लारपूरला हलवली. दुखणे तसेच राहिले. एकदा शिकारीला गेला असता त्याला तहान लागली. झरपट नदीचे पात्र कोरडे पडले होते, पण एका खळग्यात थोडे पाणी दिसले. तो ते प्याला. तोंड, हात, पाय धुतले आणि घरी आला. त्या रात्री त्याला कित्येक वर्षांत लागली नव्हती अशी झोप लागली.

सकाळी बदल पाहिला तो राणीने. जिथे पाणी लागले होते तिथल्या गाठी गेल्या होत्या. मेजर ल्यूसी-स्मिथ यांनी १८६९ च्या जमाबंदी अहवालात चांद्याच्या, म्हणजे चंद्रपूरच्या, राजांचा इतिहास नोंदवला. पुढे १९०९ च्या चांदा जिल्हा गॅझेटियरनेही ही कथा दिली. सगळ्या कथेत मनाला भिडते ती राणीने बदल पाहिल्याचीच जागा. रोग्याच्या घरात एकट्या रोग्याचीच झोप जात नाही. उशाशी बसणारीही जागीच असते. म्हणून फरक आधी तिच्या डोळ्यांना दिसला. धुतलेला भाग बरा आणि न धुतलेला तसाच, हा तपशीलही कथा सांगणाऱ्याने किती जपून ठेवला आहे!

मग दोघे त्या जागी परत गेले. वाळू आणि गवत बाजूला केल्यावर खडकात गाईची पाच पावले उमटलेली दिसली, प्रत्येकात पाणी भरलेले. राजाने स्नान केले आणि तो पूर्ण बरा झाला. त्याच रात्री स्वप्नात अचलेश्वर आला आणि त्याच्याशी धीराचे शब्द बोलला. तिथे देऊळ उभे राहिले. पुढे कुत्र्याचा पाठलाग करणाऱ्या सशाचा प्रसंग घडला आणि त्यातून चांद्याचा कोट आखला गेला, पण ती कथा वेगळी.

प्राचीन ग्रीसमध्ये एपिडॉरस येथे अस्क्लेपियस देवाच्या स्थानी रोगी मुद्दाम झोपायला जात. देव स्वप्नात येऊन बरे करतो अशी श्रद्धा होती. बरे झालेल्यांच्या हकिकती इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात तिथे दगडावर कोरल्या गेल्या. चांद्याचा क्रम याच्या उलटा आहे. इथे आधी पाणी, मग झोप, मग उतार, आणि देव सगळ्यांत शेवटी येतो.

झोप आणणारी अद्भुत वस्तू म्हटली की पुराणकथांना बहुधा शस्त्र आठवते. महाभारताच्या उद्योगपर्वात परशुरामाशी लढणाऱ्या भीष्माला प्रस्वाप अस्त्राचे स्मरण करून दिले जाते तेही स्वप्नात. शत्रूला झोपवणारे हे अस्त्र तो सोडणार, तोच नारद त्याला अडवतो. आयर्लंडच्या पुराणकथेतला दाग्दा वीणेसारख्या वाद्यावर निद्रेचा सूर छेडून शत्रूचे सैन्य झोपवतो आणि निसटतो.

गोंडांच्या लिंगोचे वाद्य याच्या नेमके उलट काम करते. नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी ही गाथा गोंडीत लिहून घेतली. ४ सप्टेंबर १८६३ रोजी ते बुडून गेले; त्यांचे कागद रिचर्ड टेंपल यांनी १८६६ मध्ये छापले. गाथेत लिंगोच्या भावांना विस्तव हवा असतो. तो रिकाड गवाडी नावाच्या राक्षसाच्या शेतात पेटलेला असतो आणि म्हातारा राक्षस शेजारीच झोपलेला. धाकटा भाऊ दबकत जाऊन टेंभुर्णीचे जळते लाकूड ओढतो, ठिणगी म्हाताऱ्याच्या कमरेवर पडते, फोड येतो आणि तो खवळून उठतो. भाऊ जीव घेऊन पळतो.

मग लिंगो स्वतः निघतो. तो तुंब्याला काठी जोडतो, आपल्याच डोक्याचे केस उपटून त्यांच्या तारा लावतो. असा जंतर तयार होतो. झाडावर बसून तो वाजवू लागतो आणि म्हातारा उठून नाचू लागतो, म्हातारीही नाचते. ठिणगीने उठवलेला राक्षस मारायला धावला होता, सुराने उठवलेला सोयरा होतो. तो आपल्या सात मुली देतो आणि लिंगो त्या भावांसाठी आणतो. पुढे हाच लिंगो झोपाळ्यावर झोपलेला असताना भावजया त्याची झोप मोडायला येतात. लिंगो मुसळ उचलतो. त्या नवऱ्यांकडे कागाळी करतात, भाऊ त्याला मारतात आणि अमृताने तो पुन्हा उठतो. गाथेची ही वळणे कोणाच्या तरी मोडलेल्या झोपेवर आहेत. वाचणाऱ्याने हे ध्यानात घ्यावे. लिंगोला फक्त धर्मसंस्थापक म्हणून पाहिले की हा झोपाळा नजरेतून सुटतो.

जंतराच्या जातीचे वाद्य म्हणजे परधानांची किंगरी. गजाने वाजवायची, तीन तारांची. देवांच्या आणि कुळांच्या कथा तिच्या साथीने गायच्या हे परधानांचे काम, आणि ऐकणारे गोंड यजमान. मानववंशशास्त्रज्ञ हैमेनडॉर्फ यांना शेजारच्या आदिलाबादेत आढळले की परधान घरात मराठी बोलतात आणि गाथा गोंडीत गातात. मराठी वाचकाने ही गोष्ट आपुलकीने जपावी अशी आहे: लिंगोची गाथा सांभाळणाऱ्यांत आपल्याच भाषेत रांधणारी, रडणारी माणसे होती. मध्य प्रदेशातल्या परधानांचे असेच वाद्य म्हणजे बाना. बडा देव साजाच्या, म्हणजे ऐनाच्या झाडात राहतो आणि बाना वाजला की जागा होतो, असे तिकडे मानतात. आपल्या सोलापूरकडच्या शामराव हिवाळे यांनी १९४६ मध्ये या परधानांवर पुस्तक लिहिले.

किंगरी हातात धरणारी बोटे कमी होत चालली आहेत. झरपटची दशा तर डोळ्यांदेखत आहे. राजाला बरे करणाऱ्या नदीत आज शहराचे सांडपाणी आहे आणि वर जलपर्णीची साय. ज्या पाण्यावरून शहर वसले, ते पाणी हाताला लावावेसे वाटू नये याचे दुःख होते. अचलेश्वराचे देऊळ उभे आहे, शेजारी गोंड राजांच्या समाध्या आहेत. राणी हिराईने बांधलेली बीरशहाची समाधीही तिथेच. झरपट पुढे इरईला मिळते, आणि ज्या इरईवरच्या धरणातून वीज केंद्राला पाणी जाते तीच ही नदी.

चैत्रात महाकालीची यात्रा भरते. नांदेडकडून, साऱ्या मराठवाड्यातून माणसे येतात, पाणी कसेही असले तरी झरपटमध्ये उतरतात, तोंड, हात, पाय धुतात. रात्री उघड्या मैदानात पथाऱ्या पडतात. म्हाताऱ्या बायका गाठोडी उशाला घेतात, दिवसभर घुमलेला पोतराज कोरडा अंगाखाली ठेवून आडवा होतो, आणि थोड्या वेळात नदीच्या काठाने नुसते घोरणे ऐकू येत राहते.