'मी स्टे आणतो' म्हणण्याआधी

रस्ता रुंद होणार म्हटलं आणि घराच्या भिंतीवर लाल खूण पडली, की शेगावच्या चहाच्या टपरीवर कुणीतरी हमखास म्हणतं, "टेन्शन घेऊ नको भाऊ, कोर्टातून स्टे आणू." जणू स्टे म्हणजे तहसीलमधला उत्पन्नाचा दाखला! म्हणून आजचा भाग त्यावरच. समोर नगर परिषद किंवा सरकार असताना कोर्ट कधी थांबवतं, आणि आपण कधी चुकीच्या दारात उभे असतो?

शेगावला हा विषय नवा नाही. गजानन महाराजांची समाधी १९१० सालची. शताब्दीच्या निमित्ताने शेगाव विकास आराखडा आला आणि रस्ते, भूसंपादन, पुनर्वसन हे प्रश्न मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापर्यंत गेले. एकीकडे लाखो भाविकांची गर्दी, दुसरीकडे त्याच गल्लीतलं कुणाचं तरी पिढ्यान्‌पिढ्यांचं घर. मला तरी यात कुणी एक खलनायक दिसत नाही.

आता मुद्द्यावर. ज्याला आपण स्टे म्हणतो तो बहुतेक वेळा 'तात्पुरता मनाई हुकूम' असतो. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ३९. दाव्यासोबत वेगळा अर्ज द्यावा लागतो, ज्याला आपल्याकडचे वकील 'निशाणी ५' म्हणतात. जागा कोणाची, याचा निकाल त्यात लागत नाही. निकाल लागेपर्यंत जागा जशी आहे तशी ठेवायची की नाही, एवढंच कोर्ट बघतं.

त्यासाठी तीन गोष्टी तपासल्या जातात. प्रथमदर्शनी तुमच्या म्हणण्यात दम आहे का? हुकूम दिला तर त्यांची गैरसोय जास्त, की न दिला तर तुमची? आणि तुमचं नुकसान नंतर पैशाने भरून निघेल का? खासगी भांडणात तिसरा प्रश्न बऱ्याचदा सोपा असतो. समोर सार्वजनिक संस्था आली की दुसरा प्रश्न जड होतो, कारण तराजूच्या त्या पारड्यात अख्खं गाव बसतं.

सरकारवर दावा लावायचा तर कलम ८० प्रमाणे दोन महिन्यांची नोटीस लागते. तातडी असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन नोटिशीशिवाय दावा लावता येतो, पण तेव्हा सरकारचं म्हणणं ऐकल्याशिवाय हुकूम मिळत नाही. म्हणजे सकाळी जेसीबी आला आणि दुपारी स्टे, हे सरकारविरुद्ध अवघडच. (नगर परिषदेला कलम ८० लागत नाही. तिच्या कायद्यातली नोटिशीची तरतूद वकिलाकडून वेगळी तपासून घ्या.)

खरी गोची पुढे आहे. जमीन २०१३ च्या भूसंपादन कायद्याखाली घेतली जात असेल तर कलम ६३ मुळे दिवाणी कोर्टाचं दारच बंद. मग उच्च न्यायालयात रिट, म्हणजे आपल्यासाठी नागपूर. शिवाय २०१८ पासून विशिष्ट अनुतोष कायद्यात कलम ४१ मध्ये भर पडली आहे: रस्ता, वीज, पाणी अशा पायाभूत प्रकल्पाचं काम अडेल किंवा लांबेल असा मनाई हुकूम द्यायचा नाही. रस्तेवाल्यांच्या वकिलाचं हे आवडतं कलम आहे, हे लक्षात ठेवा.

मग मालकाच्या हातात काय उरतं? बरंच काही. संपादन न करता, मोजणी न करता, नोटीस न देता कुणी तुमच्या जागेत शिरत असेल, तर तुमची बाजू भक्कम असते. मालमत्तेचा हक्क आता मूलभूत नाही, पण अनुच्छेद ३००-अ सांगतो की कायद्याच्या आधाराशिवाय कुणाची मालमत्ता काढून घेता येत नाही. मे २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कोलकाता महापालिकेच्या प्रकरणात हे उलगडून सांगितलं: नोटीस, म्हणणं ऐकणं, कारणांसह निर्णय, सार्वजनिक हेतू, योग्य मोबदला, हे सगळं त्या हक्कातच येतं.

उशीर झाला की काय होतं, ते पुण्याच्या पाषाणमध्ये दिसतं. एका कुटुंबाची सुमारे २४ एकर जमीन सरकारने कित्येक दशकांपूर्वी ताब्यात घेतली. कुटुंब सर्वोच्च न्यायालयापर्यंत जिंकलं. पण तोवर जमीन संरक्षण खात्याच्या संस्थेकडे गेलेली. बदल्यात दिलेली जागा पुढे वनजमीन निघाली! ऑगस्ट २०२४ मध्ये, मोबदल्यावरून राज्य सरकार चालढकल करतंय म्हणून, लाडकी बहीणसारख्या योजना थांबवू, असं न्यायमूर्ती गवईंच्या खंडपीठाने सुनावलं. ती बातमी तुम्ही रील्सवर पाहिली असेल. तिच्या मागचं प्रकरण हे होतं.

म्हणून वकिलाकडे जाताना मोकळ्या हाताने जाऊ नका. सातबारा किंवा प्रॉपर्टी कार्ड, मोजणीचा नकाशा, कराच्या पावत्या, आलेली प्रत्येक नोटीस पाकिटासकट, आणि जागेचे तारखेसह फोटो. फोन हातात आहेच. ताबा आज तुमच्याकडे आहे, हे कोर्टाला कागदावर दिसायला हवं.

हुकूम मिळाला तर प्रमाणित प्रत मुख्याधिकाऱ्यांच्या कार्यालयात देऊन पोच घ्या, आणि ठेकेदारालाही द्या. तरी जेसीबी आलाच, तर त्याच कोर्टात आदेश ३९ नियम २-अ खाली अर्ज करता येतो. हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही.