हिंदुरावांच्या मुलखातली गाणी

दौंड-मनमाड लोहमार्ग १८७८ सालचा. या मार्गाने नगर, राहुरी मागे पडली की ‘बेलापूर’ नावाचं स्टेशन लागतं. मुंबईकर वाचकाच्या डोळ्यांसमोर नवी मुंबईतलं बेलापूर आलं असेल, तर ते बाजूला ठेवावं. हे स्टेशन उभं आहे श्रीरामपूर शहरात, आणि ज्याचं नाव त्याला मिळालं ते मूळ बेलापूर गाव काही किलोमीटरवर, प्रवरेच्या काठी. मराठीतल्या अंधारलेल्या चित्रपटांचा आणि त्यांच्या गाण्यांचा माग काढायचा, तर या लोहमार्गाइतका सोयीचा धागा दुसरा नाही. दौंडला डॉ. जब्बार पटेल यांनी बरीच वर्षं डॉक्टरकी केली. नगरच्या अलीकडचं अकोळनेर म्हणजे नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’तलं गाव. आणि बेलापूरपासून पुढे सुरू होतो उसाचा पट्टा, म्हणजे ‘सामना’तल्या हिंदुराव धोंडे पाटलांचा मुलूख.

जुलमी राजवटीच्या, माणसाला मोजून-मापून वापरणाऱ्या समाजाच्या कथांना जगभर डिस्टोपिया म्हणतात. कादंबरीवरून अशा कथेचा चित्रपट होतो तेव्हा एक अडचण हटकून येते: कागदावरची गाणी आता खरोखर गावी लागतात. सुझान कॉलिन्सच्या ‘हंगर गेम्स’चा पहिला चित्रपट २०१२मध्ये आला, तेव्हा पार्श्वसंगीत जेम्स न्यूटन हॉवर्ड यांनी केलं; पण टी-बोन बर्नेट यांनी त्याच्या जोडीला सोळा गाण्यांचा वेगळा संग्रह काढला. त्यातली जेमतेम तीन गाणी चित्रपटात वाजतात, तीही शेवटची नामावली सरकत असताना. उरलेली सगळी चित्रपटाच्या बाहेर राहून त्याच्याशी नातं सांगतात. कथेतला बारावा जिल्हा कोळशाच्या खाणींचा, म्हणून संग्रहाचा सूर अमेरिकेतल्या अ‍ॅपलेशियन डोंगराळ भागातल्या लोकगीतांकडे झुकलेला. आमचा जिल्हा उसाचा, त्यांचा कोळशाचा, एवढाच काय तो फरक, असं म्हणायचा मोह होतो. पण फरक त्याहून मोठा आहे, आणि तो गाण्यात आहे.

त्यांच्याकडे गाणं बंड पेटवतं. २०१४च्या ‘मॉकिंगजे’मध्ये नायिका फाशीच्या झाडाचं गाणं गुणगुणते. शब्द कादंबरीतले, चाल ‘द ल्युमिनिअर्स’ या गटाच्या दोघांची. पुढच्याच प्रसंगात कामगार ते गात धरणावर चालून जातात आणि धरण उडवतात. त्यातली मला आवडलेली बारीक गोष्ट अशी, की बंडखोरांचा प्रचारप्रमुख ते गाणं प्रसारित करण्याआधी त्यातला दोरीचा शब्द काढून तिथे आशेचा शब्द बसवतो. म्हणजे गाणं फक्त राजवटच वापरते असं नाही, बंडखोरांच्या हातीही ते कापलं-शिवलं जातं. कॉलिन्सबाईंना हे पक्कं ठाऊक आहे.

मराठीत हीच गोष्ट चाळीस वर्षं आधी, आणि जास्त निर्दयपणे, मांडली गेली होती. ‘घाशीराम कोतवाल’चा प्रवास पाहा. १७९१ साली पुण्यात तेलंगी ब्राह्मण कोठडीत गुदमरून मेले आणि लोकांनी कोतवालाला दगडांनी ठेचलं. त्यावर १८६३मध्ये मोरोबा कान्होबांचं पुस्तक निघालं. १६ डिसेंबर १९७२ रोजी विजय तेंडुलकरांचं नाटक पुण्याच्या भरत नाट्य मंदिरात उभं राहिलं. दिग्दर्शन जब्बार पटेलांचं, संगीत भास्कर चंदावरकरांचं, नृत्यरचना कृष्णदेव मुळगुंद यांची. पुढे नाटक करणाऱ्या संस्थेत वाद झाला, प्रयोग थांबले, आणि त्या वादातूनच थिएटर अ‍ॅकॅडमी जन्मली. १९७६मध्ये फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांच्या ‘युक्त’ या सहकारी संस्थेने त्यावर चित्रपट केला. मणी कौल, के. हरिहरन, कमल स्वरूप, सईद मिर्झा ही नावं त्यामागे होती. नाना फडणवीस झाले मोहन आगाशे, घाशीराम झाला ओम पुरी नावाचा नवखा नट. संगीत पुन्हा चंदावरकरांचंच.

रात्री बाहेर पडायला परवाना, साध्यासाध्या व्यवहाराला परवाना, संशयिताच्या हातावर तापलेला लोखंडी गोळा: डिस्टोपिया म्हणून आणखी काय हवं? पण या नाटकाचा कणा संगीताचा आहे. रंगमंचावर ब्राह्मणांची एक ओळ उभी असते. तीच भिंत, तीच गर्दी, तोच कोरस. ती डुलत गणेशवंदन करते, पाठ फिरवली की पडदा होते आणि पडद्यामागे जे चाललंय ते झाकते. तमाशातला गण, कोकणातले नमन-खेळे, दशावतार, कीर्तन, लावणी हे सगळं चंदावरकरांनी एका ताटात वाढलं, पण घास सुखाने गिळू दिला नाही. भजनाचा सूर लावणीत कधी शिरतो ते कळत नाही, आणि कळतं तेव्हा आपणही टाळी धरून बसलेलो असतो. चंदावरकर रविशंकरांकडे सतार शिकलेले, फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकवणारे. कोणती चाल कुठून उचलली आणि ती कुठे ठेवली की दुखते, हे त्यांना नेमकं कळत होतं. इथे गाणं कुणाला जागं करत नाही. सज्जनांनी एका सुरात गायलं की किंकाळी ऐकू येत नाही, हे या संगीताचं म्हणणं. माझ्या मते मराठीत इतकं राजकीय संगीत त्याआधी झालं नव्हतं, आणि नंतरही क्वचितच झालं. चित्रपटात मात्र त्या भिंतीचं जिवंत दडपण उणावतं. कॅमेरा जवळ गेला की गर्दीची माणसं होतात आणि कोरस सुटा पडतो. चित्रपट म्हणून तो धाडसी आहे, पण मूळ भीती थिएटरातच राहिली.

आता बेलापूरकडे येऊ. भंडारदऱ्याचं धरण १९२६मध्ये पुरं झालं आणि प्रवरेच्या कालव्यांनी या कोरड्या मुलखात पाणी आणलं. त्याआधीच, १९१९मध्ये, ‘दि बेलापूर कंपनी’ स्थापन झाली होती. तिचा साखर कारखाना हरेगावचा. कंपनीने शेतकऱ्यांच्या जमिनी खंडाने घेतल्या आणि त्यावर ऊस उभा केला. १९६१च्या कमाल जमीनधारणा कायद्यानंतर खासगी कारखान्यांची अशी जमीन सरकारजमा झाली आणि १९६३मध्ये शेती महामंडळाच्या ताब्यात गेली. ज्यांनी जमिनी खंडाने दिल्या होत्या त्यांना त्या परत मिळेनात. ‘खंडकरी’ हा शब्द या भागात अजून तीन पिढ्यांच्या तोंडी आहे. माधवराव गायकवाडांसारख्या कम्युनिस्ट नेत्यांनी मोर्चे काढले, कोर्टकज्जे झाले, आणि प्रत्यक्ष वाटप सुरू व्हायला एकविसावं शतक उजाडलं. दुसरीकडे याच प्रवरेकाठी लोणीला १९४८मध्ये विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने सहकारी कारखाना नोंदला गेला, १९५०-५१मध्ये गाळप सुरू झालं. कंपनीच्या राज्याला शेतकऱ्यांनी दिलेलं ते उत्तर होतं. उत्तरातून पुढे नवे राजे निघाले, ही तेंडुलकरांची गोष्ट.

‘सामना’ हे कुठल्या कादंबरीचं रूपांतर नाही; तेंडुलकरांनी थेट पडद्यासाठी लिहिलेली कथा आहे. तरी त्याशिवाय हा विषय पुढे सरकत नाही. निर्माते रामदास फुटाणे याच जिल्ह्यातल्या जामखेडचे. दिग्दर्शक पटेल, संगीत पुन्हा चंदावरकर. १९७५च्या बर्लिन महोत्सवात तो स्पर्धेत होता. निळू फुल्यांचा हिंदुराव म्हणजे कारखाना, पतपेढी, शाळा, कोंबड्या, पोलीस, सगळं एका मुठीत असलेला माणूस. त्याच्या राज्यात उपाशी कुणी दिसत नाही, म्हणून ते राज्य जास्त भयंकर. तिथे एक दारूडा मास्तर येतो, श्रीराम लागूंचा, आणि मारुती कांबळे नावाच्या माणसाची चौकशी करत राहतो.

घाशीरामात भिंत असलेलं संगीत इथे त्या भिंतीला पडलेली फट होतं. दोन गीतकार आहेत. जगदीश खेबुडकरांची गाणी हिंदुरावांच्या दुनियेची: रंगेल, टोपीला कोपरखळी मारणारी, बैठकीत शोभणारी. ती या राज्यात चालतात, कारण राजालाही टिंगल थोडी आवडते. आरती प्रभूंचं ‘कुणाच्या खांद्यावर’ मात्र कुणाच्याच मालकीचं नाही. रवींद्र साठ्यांचा खर्जातला, कुणाला पटवायला न आलेला आवाज. ते गाणं घोषणा देत नाही, खुनाचा उल्लेख करत नाही, साखरेचाही नाही. ते वाहतं फक्त वजन, आणि ते कुणी उचलायचं हा पेच. चळवळीत गायला ते फारसं सोयीचं नाही. एकट्याने चालताना गायचं ते गाणं आहे. चित्रपट न पाहिलेल्यांनाही ते पाठ असतं, आणि अनेकांना ते ‘सामना’तलं आहे हेही ठाऊक नसतं. ‘हंगर गेम्स’च्या संग्रहातल्या बाहेरच्या गाण्यांना जे साधायचं होतं, ते या आतल्या गाण्याने उलट्या वाटेने साधलं.

‘सिंहासन’ हे मात्र सरळ रूपांतर: अरुण साधूंच्या ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या दोन कादंबऱ्या एकत्र करून तेंडुलकरांनी पटकथा केली, चित्रपट १९७९चा. सुरेश भटांची ‘उषःकाल’ हृदयनाथ मंगेशकरांनी बांधली आणि आशा भोसल्यांनी गायली. आणीबाणी उठून फार दिवस झाले नव्हते. हे गाणं सभांत, मोर्च्यांत गेलं, अजून जातं. थोडं कटू बोलायचं तर, चित्रपटातल्या मुख्यमंत्र्यासारख्यांच्या व्यासपीठांवरूनही ते वाजतं. प्रचारप्रमुखाला इथे शब्द बदलावाच लागत नाही.

पुढचा मुक्काम अकोळनेर. ‘फँड्री’ २०१४च्या फेब्रुवारीत चित्रपटगृहांत आला. पार्श्वसंगीत अलोकनंदा दासगुप्ता यांचं, अतिशय कंजूष. आणि त्याच्या जाहिरातीसाठी अजय-अतुल यांनी विंचवाचं गाणं केलं, जे चित्रपटात नाहीच. गावोगावच्या वरातींत ते वाजलं. ते ऐकून प्रेमकथा समजून गेलेल्या पोरांना पडद्यावर डुकरामागे धावणारं कैकाडी कुटुंब भेटलं. ही फसवणूक होती का? थोडी होती, आणि मला ती मान्य आहे. जो प्रेक्षक जातीवरचा चित्रपट म्हटल्यावर फिरकला नसता, त्याला त्या गाण्याने खुर्चीत आणून बसवलं. जोडगाण्याचं याहून चोख काम मी पाहिलेलं नाही.

पण ‘फँड्री’तलं खरं गाणं दुसरं आहे. डुक्कर आता हाती लागणार, इतक्यात शाळेतून राष्ट्रगीत सुरू होतं. त्या कुटुंबातला शाळकरी मुलगा जब्या जागच्या जागी ताठ उभा राहतो, आणि मग घरचे सगळेच थबकतात. डुकराला राष्ट्रगीत कळत नसल्याने ते निघून जातं. कॉलिन्सच्या कथेतही जीवघेण्या खेळाच्या दिवसांत राजवटीचं गीत रोज रात्री आकाशात वाजतं आणि मेलेल्यांचे चेहरे दाखवतं. ते शत्रूचं आहे हे तिथे सगळ्यांना माहीत असतं. मंजुळे जास्त अवघड जागी बोट ठेवतात. जब्याला ते गीत आपलं वाटतं, तो मनापासून उभा राहतो, आणि त्याबद्दल त्याला मिळतं काय तर बापाचा राग. प्रेक्षक हसतात, मग हसणं अडतं. संगीत दिग्दर्शकाने एकही सूर न लावता घडवलेला हा संगीताचा प्रसंग.

त्याच काळातल्या चैतन्य ताम्हाणेंच्या ‘कोर्ट’मध्ये तर गाणं हाच गुन्हा ठरतो: लोकशाहीर नारायण कांबळेचं गाणं ऐकून सफाई कामगाराने जीव दिला, असा आरोप. गाणी संभाजी भगतांची. त्यातली पेटती शाहिरी काही मिनिटांत संपते, आणि उरतो न्यायालयाचा रुक्ष, एकसुरी आवाज. तोच त्या चित्रपटाचा खरा ताल.

उसाच्या पट्ट्याला मात्र ‘सामना’नंतर त्या तोडीचं संगीत मिळालं नाही. सामग्री कमी आहे म्हणून नव्हे. दसरा झाला की बीड, पाथर्डी, आष्टीकडून टोळ्या निघतात. मुकादमाकडून उचल घेतलेली असते, नवरा-बायको मिळून एक कोयता मोजला जातो. कोवळ्या पोरांची नावं चिठ्ठीतून निघण्याची कल्पना कॉलिन्सबाईंना रचावी लागली, इथे उचलीच्या वहीत कुटुंबंच्या कुटुंबं लिहिलेली असतात. याच दिवसांत तमाशाचे फड बाहेर पडतात. जात्यावरच्या ओव्या गी पॉइटेव्हिन आणि हेमा राईरकर यांच्या गटाने लाखाच्या घरात जमवल्या. हरेगावला मतमाउलीची यात्रा भरते, आणि नारायण वामन टिळकांपासून या जिल्ह्यातल्या ख्रिस्ती भजनांनी अभंग-ओवीचा घाट पत्करलेला आहे. बेलापूरच्या पुढचं पुणतांबा स्टेशन २०१७च्या शेतकरी संपाने देशाला कळलं. एवढे आवाज एका तालुक्याच्या अवतीभवती असताना, पडद्यावरच्या ग्रामीण महाराष्ट्राला अजून हलगी आणि संबळापलीकडे काही सुचत नाही, ही संगीतकारांची गरिबी आहे.

आज कुणी ‘सामना’च्या नातवंडांचा चित्रपट करायला निघालं, तर माझं एक सुचवणं. गाळपाच्या दिवसांत रात्री श्रीरामपूर-बेलापूर रस्त्यावर उभं राहावं. दोन-दोन ट्रॉल्या ओढणारे उसाचे ट्रॅक्टर जातात. चालकाला झोप येऊ नये म्हणून डेक पूर्ण आवाजात सोडलेला असतो: भक्तिगीत, लगेच डीजेवरची लावणी, मग कुठल्याशा नेत्याच्या वाढदिवसाचं गाणं. चंदावरकरांनी मेहनतीने जे एका ताटात वाढलं, ते इथे आपोआप एका स्पीकरमधून येतं, आणि मागच्या ट्रॉलीत उसाच्या मोळ्यांवर टोळीतलं कुणीतरी त्या आवाजात गाढ झोपलेलं असतं. पार्श्वसंगीत वेगळं रचायचं की हा डेकच ठेवायचा, हे संगीतकाराने तिथे ठरवावं. मी डेक ठेवीन.