सभिकाची थकबाकी

शूद्रकाच्या ‘मृच्छकटिका’तील चारुदत्त-वसंतसेनेच्या प्रणयाचे श्रेय रसिक मंडळी कामदेवाच्या उद्यानाला आणि पाचव्या अंकातील पावसाला देतात, परंतु उज्जयिनीतील एका जुगारअड्ड्याच्या बुडीत येण्याचाही त्यात वाटा आहे, याची दखल क्वचितच घेतली जाते.

अड्डा चालविणारा ‘सभिक’ त्या काळी राजाला ठरीव हिस्सा भरणारा एक प्रकारचा मक्तेदारच असे. याज्ञवल्क्यस्मृतीने मोठ्या जितीवर त्याला शेकडा ५ घेण्याची मुभा दिली. मात्र हरलेल्याकडून वसुली करून जिंकलेल्याच्या पदरी रक्कम घालण्याचा भारही त्याच्याच शिरावर ठेवला, सबब कूळ पळाले की सभिकाच्या तोंडचे पाणी पळे.

दुसऱ्या अंकातला सभिक माथुर याच विवंचनेत आहे. १० सुवर्ण हरलेला संवाहक, म्हणजे अंग रगडून देणारा, उलट्या पावलांनी चालत ओसाड देवळात शिरतो आणि रिकाम्या गाभाऱ्यात स्वतःच देव होऊन उभा राहतो. पाठलाग करणारे मुद्दाम त्याच्यापुढेच डाव मांडतात, तेव्हा फाशांचा खुळखुळाट ऐकून देवाला राहवत नाही आणि ‘आता माझी पाळी’ म्हणत तो खाली उतरतो! पुढे तो जिंकलेल्याकडून निम्म्याची माफी मिळवितो, माथुराकडून उरलेल्या निम्म्याची, आणि दोन्ही अर्धी सुटली, तेव्हा मी निघालो, असा निष्णात वकिलानेही मान डोलवावी असा हिशेब मांडतो.

अखेर तो वसंतसेनेच्या घरात घुसतो. हा पूर्वी चारुदत्ताच्या पदरी होता एवढे कळताच ती हातातले कंकण उतरवून, ते संवाहकानेच दिल्याचे भासवून, माथुराची थकबाकी फेडते.

येथून जुगार ही जणू प्रेमिकांची सांकेतिक भाषाच होते. वसंतसेनेने चारुदत्ताकडे ठेवलेली दागिन्यांची ठेव चोरीस गेल्यावर चारुदत्त ती आपण द्यूतात हरलो असे कळवून बदल्यात पत्नी धूतेची रत्नावली पाठवितो, (या साऱ्या व्यवहारात खरी तोशीस लागली ती बिचाऱ्या धूतेला!) चोरीचा माल आधीच हाती आलेली वसंतसेना भर पावसात त्याच्या घरी जाते, ‘काय जुगारी, संध्याकाळ सुखाची ना?’ असे विचारीत त्याला फुलांनी मारते, आणि रत्नावली आपणही द्यूतात हरलो, सभिक कुठे गेला कोण जाणे, असा त्याचाच बनाव दासीकरवी त्याला जशाचा तसा ऐकविते.