चेन्नईबाहेरचा जांभा, लेणी आणि न सापडणारी वाइन

नाशिककरांना ही सहल आयती मिळते. सकाळी इगतपुरीला महिंद्राच्या ऑफ-रोड प्रशिक्षण केंद्रात गाडी चिखलात घालायची, दुपारी पांडवलेण्यांच्या पायऱ्या चढायच्या आणि ऊन कललं की गंगापूर धरणाच्या बाजूच्या एखाद्या वाइनरीत जाऊन बसायचं. खडबडीत वाट, कातळातली लेणी आणि द्राक्षमळा असा तिहेरी बेत एका दिवसात उरकतो. नोकरीनिमित्त चेन्नईला आलेला आणि ओएमआरवर फ्लॅट घेतलेला मराठी माणूस मग कधी ना कधी विचारतोच, ‘आपल्याकडच्यासारखं इथे काही नाही का?’ शेजारी सांगतात, महाबलीपुरमला जा. सल्ला वाईट नाही, पण अर्धाच आहे.

हा प्रश्न विचारणारा ज्या गाडीत बसलेला असतो, तिनेही हा प्रवास उलटसुलट केलेला असतो. २०२० सालची नवी थार जुळते नाशिकच्या कारखान्यात; पण तिच्यामागचं अभियांत्रिकीचं काम चेंगलपट्टूजवळच्या ‘महिंद्रा रिसर्च व्हॅली’त झालं. कंपनीच्या एसयूव्हींची परीक्षा घेणारा ४५४ एकरांचा ट्रॅकही चेय्यारजवळ, म्हणजे चेन्नईपासून दोनेक तासांवर आहे. तो २०२१ मध्ये सुरू झाला. तेव्हा फोर-बाय-फोर गाडीला चेन्नईचा परिसर परका नाही. परका असतो तो तिच्या मालकाला, कारण त्याने चेन्नई पाहिलेली असते ती विमानतळ, मरीना आणि रहदारी एवढीच.

शहराबाहेर पडलं की जमीन तीन तऱ्हांची लागते. पूर्वेला वाळू, दक्षिणेला ग्रॅनाइटच्या बोडक्या टेकड्या आणि वायव्येला जांभ्याची तांबडी माती व गोटे. वाळूचा विषय आधी संपवू. ईस्ट कोस्ट रोडवरून किनारा खुणावतो आणि टायरमधली हवा कमी करून गाडी वाळूत घालायचा मोह होतो. तो आवरावा. किनाऱ्यावर गाडी घालायला बंदी तर आहेच, शिवाय जानेवारी ते एप्रिलच्या दरम्यान याच वाळूत ऑलिव्ह रिडले कासविणी अंडी घालतात. विद्यार्थ्यांनी चालवलेली एक संस्था १९८८ पासून नीलांकरै ते बेझंट नगर या पट्ट्यात रात्री पायी फिरून ती अंडी जपते आहे. चाकाखाली घरटं आलं तर चालवणाऱ्याला ते कळतसुद्धा नाही.

खरी मेजवानी आहे ती वायव्येला, तिरुवळ्ळूर जिल्ह्यात.

तिची कहाणी सुरू होते ती मात्र विमानतळाच्या शेजारी. ३० मे १८६३ रोजी भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणातले रॉबर्ट ब्रूस फूट पल्लावरमच्या लष्करी मैदानाजवळ हिंडत होते. रस्त्यासाठी खडी काढलेल्या एका खड्ड्यात, जांभ्याच्या खड्यांमध्ये त्यांना क्वार्ट्झाइटचा एक दगड दिसला. माणसाच्या हाताने टवके काढून त्याला आकार दिलेला होता. युरोपातल्या विद्वानांनी अशी हत्यारं खरोखर अतिप्राचीन माणसाची आहेत हे मान्य करून तेव्हा जेमतेम चार वर्षं झाली होती. फूट यांनी ते वाचलेलं होतं, म्हणूनच त्यांची नजर त्या दगडावर अडकली. एरवी तोही खडीत गेला असता. त्याच वर्षी सप्टेंबरात सहकारी विल्यम किंग यांच्याबरोबर ते वायव्येला अत्तिरमपाक्कमला पोचले आणि तिथे अशा हत्यारांचा खजिनाच हाती लागला. त्यांचा संग्रह पुढे मद्रासच्या सरकारी संग्रहालयाने विकत घेतला. एग्मोरला तो आजही आहे.

अत्तिरमपाक्कम पुन्हा गाजलं ते या शतकात. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात पुरातत्त्वाचं शिक्षण घेतलेल्या शांती पप्पू आणि त्यांचे सहकारी कुमार अखिलेश यांनी १९९९ पासून इथे उत्खनन केलं. दगड जमिनीत गाडला जाऊन किती काळ लोटला, हे त्यात साठलेल्या किरणोत्सर्गी मूलद्रव्यांच्या ऱ्हासावरून काढता येतं. दगड उघड्यावर असेपर्यंत अवकाशातले किरण ती मूलद्रव्यं तयार करत राहतात; तो मातीखाली गेला की ही भर थांबते आणि उलटी मोजणी सुरू होते. या हिशेबाने इथली सर्वांत जुनी हत्यारं सरासरी १५ लाख वर्षांपूर्वीची ठरली. हा निष्कर्ष २०११ मध्ये ‘सायन्स’ साप्ताहिकात आला. मग २०१८ मध्ये ‘नेचर’मधल्या लेखाने सांगितलं, की अवजड हातकुऱ्हाडी सोडून बारीक, नेटक्या छिलक्यांची नवी पद्धत इथे सुमारे ३ लाख ८५ हजार वर्षांपूर्वीच आली होती. हे तंत्र आफ्रिकेतून आलेल्या आधुनिक माणसाने सव्वा लाख वर्षांच्या आतबाहेर भारतात आणलं, असं तोवर अनेक अभ्यासक मानत होते. त्या तारखेला एका ओढ्याकाठच्या चिखलमातीने सुरुंग लावला.

अत्तिरमपाक्कमला मात्र बघायला ‘दृश्य’ काही नाही, हे आधीच सांगितलेलं बरं. झुडपं, घळी आणि लाल माती. दृश्य हवं असेल तर पूंडीचा जलाशय ओलांडून अल्लिकुळीच्या टेकड्यांत गुडियमला जावं. चेन्नईपासून अंतर साठ-सत्तर किलोमीटर. डांबरी रस्ता संपला की तांबडी, पावसाने चिरलेली वाट लागते. थोडा भाग लो-रेंजमध्ये सावकाश कापता येतो. मग राखीव जंगल सुरू होतं आणि गाडी सोडून चालायचं असतं. काटेरी झुडपांतून, गोट्यांवरून पाय मुरगळत तासभर गेलं की झाडीआडून अचानक तांबूस कातळाचं प्रचंड छत पुढे येतं.

इथे थांबून वर बघावं. सह्याद्रीत लेणं म्हटलं की एकसंध काळा बसॉल्ट आणि छिन्नीचे घाव. गुडियमची गुहा कोणी कोरलेली नाही, आणि तिचा खडकही एकसंध नाही. मुठीएवढे, नारळाएवढे गुळगुळीत गोटे काँक्रीटमध्ये बसवावेत तसे छतभर रुतलेले आहेत. कोट्यवधी वर्षांपूर्वी एखाद्या वेगवान प्रवाहाने ते वाहून आणले, घासून गोल केले आणि ते वाळू-मातीत घट्ट झाले. काही ठिकाणी गोटा गळून पडला आहे आणि त्याची नुसती गोल खोबण राहिली आहे. बाकीच्या गोट्यांच्या कपारींत आग्यामोहोळं लटकतात, म्हणून इथे धूर, अत्तर आणि आरडाओरडा तिन्ही वर्ज्य. खाली गावदेवीचं छोटं ठाणं आहे, हळद-कुंकवाने माखलेलं.

हे गोटे क्वार्ट्झाइटचे आहेत. पल्लावरमचा तो दगडही क्वार्ट्झाइटचाच. या टेकड्या झिजून गोटे सुटले, ओढ्यांनी खाली नेले आणि आदिमानवाला हत्यारांचा कच्चा माल दाराशी मिळाला. १९६२ ते १९६४ या काळात पुरातत्त्व खात्याच्या के. डी. बॅनर्जी यांनी गुहेच्या तळाशी खणलं आणि अश्मयुगातली हत्यारं मिळवली. म्हणजे छत हे दुकान आणि जमीन हा कारखाना.

ऑफ-रोड मंडळींशी थोडं भांडायला हवं ते याच मुद्द्यावर. त्यांच्या लेखी खडबडीत जमीन म्हणजे मोकळी, कोणाचीच नसलेली जागा. टायरचा कस लागावा म्हणून असलेली. चेन्नईच्या वायव्येला ही समजूत साफ चुकते. इथे पायाखालची खडी हाच पुरावा आहे. हत्यार कोणत्या थरात, कशाशेजारी, कोणत्या बाजूने पडलं होतं यावरूनच काळ आणि वापर ठरतो. रुतलेली गाडी काढताना चाकं जागेवर गरागरा फिरली, की तेवढ्यात थर उलथतो. २२६ मिलिमीटर ग्राउंड क्लिअरन्स आणि साडेसहाशे मिलिमीटर पाण्यातून जायची क्षमता या गोष्टी गाडीत असाव्यात, जरूर असाव्यात; पण त्या प्रत्येक ओढ्यात सिद्ध करून दाखवायला हव्यात असं नाही. चिखलात लोळायची हौस असेल तर त्यासाठी आखलेल्या ट्रॅकवर जावं.

दक्षिणेच्या ग्रॅनाइटची गोष्ट वेगळी. तिथला दगड कोणाच्या टायरला भीक घालत नाही, आणि छिन्नीलाही त्याने सहज दाद दिली नव्हती. अजिंठा, कार्ले, पांडवलेणी कोरून शतकं उलटल्यावर, सातव्या शतकाच्या आरंभी पल्लव राजा महेंद्रवर्मा याने जिंजीजवळ मंडगपट्टूला एक लहानसं लेणं खोदवलं. विटा, लाकूड, धातू किंवा चुना यांपैकी काहीही न वापरता ब्रह्मा, ईश्वर आणि विष्णू यांच्यासाठी आपण हे देवालय उभारलं, असं त्याने तिथे संस्कृतात कोरून ठेवलं आहे. शिलालेखाचा सूर जाहीर फुशारकीचा आहे, आणि त्या दगडाला हात लावून पाहिल्यावर ती फुशारकी रास्त वाटते. पल्लवांची लेणी आपल्या लेण्यांच्या मानाने आखूड का, याचंही उत्तर तिथेच मिळतं.

तो दगड कापला कसा, हे महाबलीपुरमला कळतं. पांडवरथांपाशी झुंबड असते. अर्धवट सोडलेल्या लेण्यांपाशी सहसा कोणी थांबत नाही. तिथे कातळावर उभ्याआडव्या चरांनी चौकोनांची जाळी पाडलेली दिसते. आधी चर खोल करायचे, मग मधले उभे राहिलेले चौकोन एकेक करून उडवायचे, पुन्हा नवी जाळी. काम थांबलं तसंच राहिलं आहे. पूर्ण झालेल्या लेण्यात ही युक्ती पुसली जाते, म्हणून अपुरं लेणं जास्त शिकवतं.

जिंजीला मराठी माणसाला वाटाड्या लागू नये. चेन्नईपासून सुमारे दीडशे किलोमीटरवर, एकावर एक रचलेल्या अजस्र शिळांच्या तीन टेकड्या आणि त्यांना गुंफणारी तटबंदी. शिवाजी महाराजांनी १६७७ च्या दक्षिण मोहिमेत हा किल्ला घेतला आणि बळकट केला. ते पुढे किती कामी आलं, हे संभाजी महाराजांच्या हत्येनंतर कळलं. राजाराम महाराज १६८९ च्या अखेरीस इथे पोचले आणि जवळजवळ आठ वर्षं स्वराज्याची गादी इथे राहिली. मोगलांच्या झुल्फिकार खानाने १६९८ च्या आरंभी किल्ला घेतला, पण तोवर महाराज निसटले होते. तीन टेकड्यांपैकी राजगिरीवर चढताना शेवटच्या टप्प्यात एक खोल घळ आडवी येते. तिच्यावरचा पूल काढून घेतला, की माथा उरलेल्या जगापासून तोडता यायचा. जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने ‘मराठा लष्करी भूदृश्ये’ म्हणून १२ किल्ले जागतिक वारशाच्या यादीत घेतले. त्यांतले ११ महाराष्ट्रातले, बारावा हा. सकाळी लवकर चढावं. दहानंतर तिथला कातळ तापतो.

आता राहिली वाइन. ती चेन्नईच्या आसपास नाही. किनाऱ्याची दमट, रात्रीही न निवणारी हवा वाइनच्या द्राक्षाला मानवत नाही, हे एक कारण. पण तमिळनाडूत द्राक्षच नाही असं मात्र नाही. पश्चिम घाटाच्या पायथ्याशी कंबमच्या खोऱ्यात पन्नीर द्राक्ष पिकतं आणि त्याला २०२३ मध्ये भौगोलिक मानांकनही मिळालं. ते बहुतांशी खाण्यासाठी जातं. फरक पडतो तो धोरणाचा. महाराष्ट्राने २००१ मध्ये वाइनसाठी वेगळं धोरण आणून करात सवलती दिल्या, विंचूर आणि पलूसला वाइन पार्क काढले. मळ्यातच चव घ्यायची आणि मुक्काम करायचा, ही पद्धत त्या जोरावर रुजली. तमिळनाडूत २००३ पासून किरकोळ दारूविक्री टास्मॅक या सरकारी महामंडळाच्या हाती आहे. शेतकऱ्याने मळ्यात पाहुणे बोलवावेत, तळघरातली पिंपं दाखवावीत, अशी प्रथा तिथे रुजलेली नाही.

म्हणून चेन्नईकराला वाइनसाठी घाट चढून कर्नाटकात जावं लागतं. नंदी टेकड्यांच्या पायथ्याशी दोड्डबळ्ळापूरला ग्रोव्हरचा मळा आहे. कंपनी १९८८ ची. समुद्रसपाटीपासून सुमारे ९०० मीटर उंची आणि थंड रात्री, हे तिथलं भांडवल. पुढे २०१२ मध्ये ही कंपनी इगतपुरीकडच्या ‘झाम्पा’शी एक झाली, म्हणजे चेन्नईहून साडेतीनशे किलोमीटर तुडवून शेवटी पेल्यात नाशिकचीच सोयरीक निघते. एका दिवसात हे साधत नाही, साधायचा हट्टही करू नये. मुक्काम करावा, स्टिअरिंग धरणाऱ्याने पेल्याला हात लावू नये आणि बाटल्या राज्याच्या सीमेपार नेण्याआधी नियम विचारून घ्यावेत.

जंगलातल्या वाटांबद्दल तमिळनाडू सरकार कडक आहे आणि त्याला कारण आहे. ११ मार्च २०१८ रोजी थेनी जिल्ह्यात कुरंगणीच्या वणव्यात वीसहून अधिक गिर्यारोहकांचा जीव गेला. त्यांत चेन्नईहून गेलेले बरेच होते. ऑक्टोबर २०२४ मध्ये सरकारने ‘ट्रेक तमिळनाडू’ ही योजना सुरू केली. तिच्यात ठरवून दिलेल्या चाळीस वाटा आहेत आणि गुडियमची वाट त्यांतली एक. नोंदणी ऑनलाइन होते, बरोबर प्रशिक्षित स्थानिक वाटाडे येतात. वणव्याच्या मोसमात वाटा बंद असतात, म्हणून पावसाळा सरल्यावर, डिसेंबरअखेर ते फेब्रुवारीच्या सुरुवातीपर्यंतचा काळ पकडावा.

गुडियमहून परतताना पूंडीचं राज्य पुरातत्त्व खात्याचं छोटं संग्रहालय चुकवू नका. वाटेत तुडवलेले दगड काय होते ते तिथे कपाटात मांडलेलं आहे. आणि गुडियमच्या वाटेवर टवके काढलेला, हातात नेमका बसणारा एखादा दगड दिसलाच, तर त्याचा फोटो काढा, जागा टिपून घ्या आणि संग्रहालयात सांगा. दगड मात्र जिथे आहे तिथेच राहू द्या.