टॉमी डग्लस आणि सस्काटूनच्या करारातली फट

अल्बर्टाच्या प्रीमियर डॅनियल स्मिथ यांनी २०२५च्या अखेरीस एक कायदा आणला. डॉक्टरांना सरकारी योजनेत राहूनही खासगी पैसे घेऊन शस्त्रक्रिया करण्याची मुभा देणारा. त्यावरच्या वादात टॉमी डग्लस यांचं नाव निघणं ओघानंच आलं. कॅनडात आरोग्यव्यवस्थेला कोणी हात लावला, की ते निघतंच. डग्लस १९८६मध्ये वारले आणि प्रीमियरपद, म्हणजे आपल्याकडचं मुख्यमंत्रिपद, त्यांनी १९६१मध्येच सोडलं होतं. शिवाय ते अल्बर्टाचे नव्हेतच, शेजारच्या सस्कॅचेवानचे. तरी २००४मध्ये सीबीसी या कॅनडाच्या सरकारी प्रसारण संस्थेनं ‘सर्वांत थोर कॅनेडियन कोण’ असा कौल घेतला, तेव्हा इन्शुलिनवाले फ्रेडरिक बँटिंग आणि हॉकीचा देव वेन ग्रेट्झ्की मागे पडले आणि गव्हाच्या शेतांसाठी ओळखल्या जाणाऱ्या प्रांताचा हा ठेंगणा, मिश्कील माजी प्रीमियर पहिला आला.

डग्लस यांच्यावर लिहिताना सगळे जण पायाच्या गोष्टीपासून सुरुवात करतात. ती अशी : १९०४मध्ये स्कॉटलंडमध्ये जन्मलेला टॉमी लहानपणी पडला, गुडघ्याला मार बसला आणि हाडात संसर्ग शिरला. पुढे कुटुंब कॅनडात विनिपेगला आलं. पाय कापावा लागेल असं डॉक्टरांनी सांगितलं, कारण चांगल्या शल्यविशारदाची फी त्या कामगार कुटुंबाला परवडणारी नव्हती. तेवढ्यात एका नामांकित डॉक्टरांनी, विद्यार्थ्यांना शस्त्रक्रिया बघू द्यायच्या अटीवर, ती फुकट केली आणि पाय वाचला. एखाद्या मुलाचा पाय डॉक्टरच्या मर्जीवर का अवलंबून असावा, हा प्रश्न म्हणे तेव्हापासून त्यांच्या मनात घर करून बसला. डग्लस स्वतः ही गोष्ट रंगवून सांगत. गोष्ट खरी आहे, पण तिच्यात एक खोट आहे. ती सगळं श्रेय एका गुडघ्याला देऊन टाकते.

वास्तविक सस्कॅचेवानमध्ये आधीपासूनच बरंच काही शिजत होतं. विरळ वस्ती, मैलोन् मैल बर्फ आणि गव्हाच्या भावावर हेलकावणारं उत्पन्न, अशा मुलखात डॉक्टर टिकेना. म्हणून पहिल्या महायुद्धाच्या काळात सार्निया नावाच्या ग्रामीण पालिकेनं कराच्या पैशातून डॉक्टरला ठरावीक वार्षिक रक्कम देऊन गावात धरून ठेवलं. ही पद्धत प्रांतभर पसरली. क्षयरोगावर मोफत उपचार देणारा पहिला कॅनेडियन प्रांतही सस्कॅचेवानच, १९२९पासून. मॅट अँडरसन या नॉर्वेहून आलेल्या पालिकाप्रमुखानं माणशी कर घेऊन डॉक्टर आणि दवाखान्याचा खर्च भागवण्याची योजना मांडली आणि १९३९मध्ये तसा कायदाही झाला. डग्लस सत्तेवर आले ते पाच वर्षांनी. पाया गावकऱ्यांनी भरून ठेवला होता.

डग्लस यांची स्वतःची वाट मात्र नाट्यमय खरी. छापखान्यात उमेदवारी, मॅनिटोबाचं लाइटवेट मुष्टियुद्धाचं विजेतेपद, मग बॅप्टिस्ट पंथाची धर्मदीक्षा. पंधराव्या वर्षी त्यांनी विनिपेगमध्ये एका छपरावरून १९१९च्या सार्वत्रिक संपातला पोलिसांचा गोळीबार पाहिला. १९३०मध्ये वेबर्न या छोट्या गावात धर्मोपदेशक म्हणून ते रुजू झाले, तेव्हा मंदी आणि दुष्काळ हातात हात घालून आले होते. शेतांवरची माती वाऱ्यानं उडून जात होती आणि चर्चच्या तळघरात त्यांना कपडे आणि अन्न वाटावं लागत होतं. १९३५मध्ये ते सीसीएफ, म्हणजे को-ऑपरेटिव्ह कॉमनवेल्थ फेडरेशन, या नव्या समाजवादी पक्षातर्फे खासदार झाले. जून १९४४मध्ये प्रांतातल्या ५२पैकी ४७ जागा जिंकून त्यांनी उत्तर अमेरिकेतलं पहिलं समाजवादी सरकार बनवलं.

संतचरित्रात न बसणारं एक पानही वेबर्नच्याच काळातलं. १९३३मध्ये मॅकमास्टर विद्यापीठाच्या एम.ए.साठी त्यांनी लिहिलेल्या प्रबंधात ‘मंदबुद्धी’ ठरवलेल्यांची नसबंदी करण्याची शिफारस आहे. तेव्हा ही कल्पना सुशिक्षितांत बोकाळली होती आणि अल्बर्टानं तर १९२८मध्ये तसा कायदाच केला होता. सत्ता हाती आल्यावर डग्लस यांच्यापुढे नसबंदीची शिफारस करणारे अहवाल आले, ते त्यांनी बाजूला ठेवले. त्यांचे भक्त प्रबंध विसरतात आणि टीकाकार हा नकार विसरतात. दोन्ही एकाच माणसाच्या खात्यावर आहेत.

प्रीमियर झाल्यावर आरोग्यखातं त्यांनी स्वतःकडेच ठेवलं आणि पहिल्या काही आठवड्यांतच हेन्री सिगेरिस्ट यांना बोलावलं. या माणसाकडे फारसं कोणाचं लक्ष जात नाही, हे नवलच आहे. मूळचे स्विस, अमेरिकेतल्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात वैद्यकाच्या इतिहासाचे प्राध्यापक. सोव्हिएत आरोग्यव्यवस्थेवर पुस्तक लिहिल्यामुळे अमेरिकी सरकारच्या संशयाच्या यादीत असलेले, तरी ‘टाइम’च्या मुखपृष्ठावर झळकलेले. सप्टेंबर १९४४मध्ये ते सस्कॅचेवानला आले, काही आठवडे गावोगाव फिरले, डॉक्टर, शेतकरी आणि पालिकावाल्यांशी बोलले आणि ऑक्टोबरच्या सुरुवातीला अहवाल देऊन मोकळे झाले. प्रांताची आरोग्यविभागांत विभागणी करा, खेड्यात प्रसूतीच्या खाटा असलेली केंद्रं काढा, पालिकेच्या डॉक्टरांची पद्धत वाढवा, विद्यापीठात वैद्यकीय महाविद्यालय उभारा आणि सवडीनं सगळ्यांसाठी मोफत रुग्णालयसेवा आणा, असं त्यात होतं.

तिथून हे गृहस्थ गेले कुठे, तर हिंदुस्थानात. ब्रिटिश सरकारनं नेमलेल्या आरोग्य पाहणी समितीला सल्ला द्यायला त्याच वर्षाच्या अखेरीस सिगेरिस्ट इथे आले होते. त्या समितीचे अध्यक्ष सर जोसेफ भोर. जन्म नाशिकचा, शिक्षण पुण्यातल्या बिशप्स स्कूल आणि डेक्कन कॉलेजात. भोर समितीचा अहवाल १९४६मध्ये आला. पैसे नाहीत म्हणून कोणी उपचारांवाचून राहू नये, हे त्याचं मूळ सूत्र. आज तालुक्यातालुक्यात दिसणारी प्राथमिक आरोग्य केंद्रंही त्याच आराखड्याची लेकरं. तिकडे १ जुलै १९४६ रोजी सस्कॅचेवानमधल्या स्विफ्ट करंट विभागात डॉक्टर आणि रुग्णालय दोन्हींचा खर्च भागवणारी सार्वत्रिक योजना सुरू झाली. म्हणजे एकच सल्लागार, काही महिन्यांच्या अंतरानं दोन देश आणि एकाच वर्षी दोन्हीकडे फळ. तिकडे त्यातून व्यवस्था उभी राहिली. आपल्याकडे अहवाल पाठ्यपुस्तकात गेला आणि इस्पितळाचं बिल घरच्यांच्या खिशात राहिलं.

फरक कशानं पडला? हिंदुस्थानची लोकसंख्या आणि गरिबी हे उत्तर सोपं आहे आणि बऱ्याच अंशी खरंही. पण डग्लस यांची कामाची पद्धत त्याहून जास्त बघण्यासारखी आहे. त्यांनी काही एका फटक्यात केलं नाही. १ जानेवारी १९४७ला प्रांतभर रुग्णालय विमा लागू झाला. माणशी वर्षाला ५ डॉलर, कुटुंबाला जास्तीत जास्त ३०. डॉक्टरांच्या फीचा प्रश्न मुद्दाम मागे ठेवला, कारण तिजोरीत तेवढे पैसे नव्हते. अर्थमंत्री क्लॅरन्स फाइन्स कर्जाला भिणारे समाजवादी होते. आधी प्रांताची पत सावरली पाहिजे, सावकारांच्या तालावर नाचायचं नाही, असा दोघांचा कटाक्ष होता. दरम्यान सरकारी वाहन विमा आला, सरकारी बससेवा आली, शेतांवर वीज पोचली. जोड्यांचा कारखाना, कातडी कमावण्याचा कारखाना, लोकरीची गिरणी असे सरकारी उद्योगही निघाले आणि बुडाले. बुडालेले त्यांनी बंद केले, हेही नमूद करायला हवं. तोट्यातला सरकारी कारखाना बंद करणारा समाजवादी तसा विरळाच.

मग १९५७मध्ये ओटावानं, म्हणजे केंद्र सरकारनं, कायदा केला, आणि पुढच्या वर्षापासून प्रांतांच्या रुग्णालय विम्याचा साधारण निम्मा खर्च केंद्र उचलू लागलं. सस्कॅचेवान हा खर्च दहा-अकरा वर्षं एकट्यानं सोसत होता. हात मोकळे होताच १९५९मध्ये डग्लस यांनी डॉक्टरांच्या सेवेसाठीही विमा येणार असल्याचं जाहीर केलं. १९६०ची निवडणूक याच मुद्द्यावर झाली. डॉक्टरांच्या संघटनेनं वर्गणी काढून विरोधात प्रचार केला. चांगले डॉक्टर प्रांत सोडतील आणि परदेशातले दुय्यम येतील, अशी भीती घातली गेली. डग्लस जिंकले, पण मतं जेमतेम ४१ टक्के. बाकीची विरोधकांत विखुरली होती म्हणून निभावलं. जनता एकमुखानं पाठीशी उभी राहिली, असं जे सांगितलं जातं, त्याला हे आकडे दुजोरा देत नाहीत.

आणि ऐन लढाईच्या तोंडावर सेनापती गेला. सीसीएफ आणि कामगार संघटनांनी मिळून काढलेल्या न्यू डेमोक्रॅटिक पार्टीचं देशपातळीवरचं नेतृत्व १९६१मध्ये डग्लस यांनी घेतलं आणि नोव्हेंबरात प्रीमियरपद सोडलं. विधेयक मंजूर करून घेणं, नियम बनवणं, डॉक्टरांच्या शिव्या खाणं हे सगळं आलं वुड्रो लॉइड यांच्या वाट्याला. पेशानं शिक्षक, अबोल, भाषणात डग्लस यांच्या पासंगालाही न पुरणारे. कौतुकाच्या लेखांत त्यांना एखादं वाक्य मिळतं. खरं तर अर्धा लेख मिळायला हवा.

१ जुलै १९६२ला कायदा अमलात आला आणि त्याच दिवशी सस्कॅचेवानच्या बहुतेक डॉक्टरांनी दवाखान्यांना कुलूप लावलं. काही इस्पितळांत तेवढी तातडीची सेवा चालू होती. पहिल्याच दिवशी मेंदूज्वर झालेलं नऊ महिन्यांचं बाळ घेऊन एक जोडपं डॉक्टर शोधत गावोगाव गाडी हाकत राहिलं. इस्पितळ गाठण्यापूर्वीच बाळ गेलं. सरकारनं ब्रिटनहून डॉक्टर आणवले. ‘आमचे डॉक्टर आम्हाला हवेत’ म्हणणाऱ्या समित्या शहराशहरांत निघाल्या आणि ११ जुलैला रिजायनातल्या विधिमंडळापुढे प्रचंड मोर्चाची हाक दिली गेली. हजारोंच्या लाटा येणार असा गाजावाजा झाला, प्रत्यक्षात चार-पाच हजार माणसं जमली. संपाची हवा तिथेच गेली. लॉइड जागचे हलले नाहीत.

तोडगा काढला तो लॉर्ड स्टीफन टेलर या ब्रिटिश मजूर पक्षाच्या डॉक्टर उमरावानं. दोन्ही बाजूंना एका खोलीत बसवायचं नाही, स्वतःच ये-जा करायची, हा त्यांचा खाक्या. २३ जुलैला सस्काटूनचा करार झाला. विमा सार्वत्रिक आणि सक्तीचा राहिला, हा सरकारचा विजय. मात्र डॉक्टर पगारी नोकर होणार नाहीत, प्रत्येक तपासणीमागे फी घेतील आणि हवं तर योजनेबाहेर राहूनही प्रॅक्टिस करतील, हे डॉक्टरांनी पदरात पाडून घेतलं. म्हणजे बिल सरकार भरणार, पण दुकान डॉक्टरचंच.

आजच्या वादात हा मुद्दा कोणी नीट काढत नाही. कॅनडाची व्यवस्था ब्रिटनसारखी सरकारी आहे, असा आपल्याकडेही समज आहे. ती तशी कधीच नव्हती. न्यायमूर्ती एमेट हॉल यांच्या आयोगानं १९६४मध्ये सस्कॅचेवानचा नमुना साऱ्या देशाला सुचवला, पंतप्रधान पिअर्सन यांच्या सरकारनं १९६६मध्ये कायदा केला, १९७२पर्यंत सगळे प्रांत सामील झाले. त्याबरोबर तो खासगी व्यावसायिक डॉक्टरही देशभर गेला. पुढे डॉक्टर सरकारी दरावर वरकड फी घेऊ लागले. तेव्हा केंद्रीय आरोग्यमंत्री मोनिक बेगाँ यांनी १९८४चा कॅनडा हेल्थ ॲक्ट आणला : प्रांतात जेवढी वरकड वसुली, तेवढी केंद्राच्या अनुदानात कपात. फट बुजवली नाही, तिच्यावर दंड बसवला. अल्बर्टाचा नवा कायदा त्याच फटीत पाचर ठोकतो आहे. रांगा लांबल्या आहेत, हे स्मिथ यांचं म्हणणं खोटं नाही. गुडघा बदलायला महिनोन् महिने थांबणारे लोक खरोखर आहेत. पण तोच शल्यविशारद सकाळी सरकारी आणि दुपारी खासगी टेबलापाशी उभा राहिला, की सकाळची रांग आखडेल कशी, याचं पटेल असं उत्तर या कायद्याच्या समर्थकांकडे दिसत नाही.

या सगळ्याची किंमत कोणी मोजली? जून १९६२च्या केंद्रीय निवडणुकीत खुद्द रिजायनामध्ये डग्लस पडले. लॉइड यांचं सरकार १९६४मध्ये गेलं. त्यानंतर आलेल्या लिबरल सरकारलाही विमा मोडायचं धाडस झालं नाही. डग्लस ब्रिटिश कोलंबियातून पुन्हा खासदार झाले. १९७०मध्ये क्वीबेकमध्ये फुटीरवाद्यांनी केलेल्या अपहरणांनंतर पंतप्रधान पिएर ट्रूडो यांच्या सरकारनं वॉर मेझर्स ॲक्ट हा आणीबाणीचा कायदा लावला, तेव्हा लोकमत कायद्याच्या बाजूनं असूनही संसदेत ते त्याच्याविरुद्ध उभे राहिले. आरसीएमपी या केंद्रीय पोलिसांनी तीन दशकांहून अधिक काळ त्यांच्यावर पाळत ठेवली होती, हे त्यांच्या मृत्यूनंतर उजेडात आलं.

उतारवयात डग्लस एक गोष्ट परत परत सांगत : पैशाचा अडसर काढणं हा पहिलाच टप्पा. दुसरा टप्पा आहे तो उपचारांची पद्धत बदलण्याचा, माणसं आजारी पडण्याआधीच त्यांच्यापर्यंत पोचण्याचा. तो मागेच पडला. दात आणि इस्पितळाबाहेरची औषधं मूळ योजनेत कधी आलीच नाहीत. मात्र त्याची एक चुणूक दिसली होती : जुलै १९६२च्या संपात सस्काटून, रिजायना आणि प्रिन्स अल्बर्ट इथल्या रहिवाशांनी वर्गणी काढून सहकारी दवाखाने सुरू केले होते. योजनेच्या बाजूनं उभे राहिलेले डॉक्टर तिथे एकत्र बसून पेशंट बघत. त्यापायी बाकीच्या डॉक्टरांनी त्यांना बरीच वर्षं वाळीत टाकल्यासारखं वागवलं. सस्काटूनचा दवाखाना आजही सभासदांच्या मालकीचा आहे आणि तिथे डॉक्टर, परिचारिका आणि समुपदेशक एका छताखाली काम करतात.