येणारे पाणी आणि जाणारे पाणी

काळम्मावाडी धरणाचे पाणी थेट नळाने शहरात यावे, ही मागणी कोल्हापूरकरांनी अनेक वर्षे लावून धरली होती. २०२३ च्या दिवाळीच्या तोंडावर सुमारे ५३ किलोमीटर अंतर कापून ते पाणी पुईखडीच्या शुद्धीकरण केंद्रात पोहोचले, तेव्हा शहराने आनंद साजरा केला, तो स्वाभाविकच होता. तथापि घरात आलेले पाणी वापरून झाल्यावर जाते कोठे, हा प्रश्न त्या आनंदात मागे पडला. पाणीपुरवठ्याच्या चर्चेत तो नेहमीच मागे पडतो.

मलनिःसारणाची व्यवस्था असलेल्या शहरात दरडोई रोज १३५ लिटर पाणी मिळावे, असे आपल्याकडील प्रमाण आहे. म्हणजे पाच माणसांच्या कुटुंबाला रोज ६७५ लिटर, महिन्याला सुमारे वीस हजार लिटर पाणी लागेल. त्यातील सुमारे ८० टक्के पाणी सांडपाणी होऊन बाहेर पडते असे अभियंते धरतात. याचा अर्थ असा, की शहरात पाण्याचा प्रत्येक नवा थेंब आणताना त्याच्या चार पंचमांश भागाच्या विल्हेवाटीची जबाबदारीही आपण पत्करीत असतो. पहिली गोष्ट आपण उत्साहाने करतो. दुसरीविषयी मात्र उदासीन राहतो.

नवे घर बांधणाऱ्या कोणाही गृहस्थाचे वर्तन पाहावे. नळजोडणीसाठी तो घरफाळ्याच्या पावत्या जुळवितो, परवानाधारक प्लंबर गाठतो, रस्ता खोदाईचे पैसे भरतो, मीटर बसवून घेतो. ड्रेनेजच्या जोडणीसाठी अशी धावपळ क्वचितच दिसते. नळासाठी माणूस कार्यालयाचे उंबरठे झिजवितो. ड्रेनेजसाठी कार्यालयालाच माणसाचे उंबरठे झिजवावे लागतात. यात त्याचा स्वभावदोष नाही. नळाचा लाभ त्याचा त्याला मिळतो. ड्रेनेजचा लाभ बव्हंशी दुसऱ्याला, नदीच्या खालच्या अंगाला राहणाऱ्याला मिळतो. ज्या खर्चाचे फळ दुसऱ्याच्या पदरात पडते, तो खर्च कोणी आपण होऊन करीत नाही, हा अर्थशास्त्रातील प्राथमिक धडा येथे तंतोतंत लागू पडतो.

तो दुसरा कोण, हे आपल्या जिल्ह्याला चांगले ठाऊक आहे. जयंती आणि दुधाळी हे नाले शहरातून वाहत पंचगंगेला मिळतात. कसबा बावड्यात सांडपाणी प्रक्रिया केंद्र उभे आहे. परंतु जे सांडपाणी गटारातून परस्पर नाल्यात उतरते, त्याला केंद्र काय करणार? नदी पुढे इचलकरंजीवरून नृसिंहवाडीकडे जाते. २०१२ साली इचलकरंजीत काविळीची मोठी साथ आली, माणसे दगावली. अशी कावीळ मैलामिश्रित पाण्यातून पसरते, हे वैद्यकशास्त्र सांगते. वाचविलेल्या ड्रेनेजच्या खर्चाचे बिल अशा रीतीने दुसऱ्या गावातील रुग्णालयात फाडले जाते.

नळाच्या बाजूचा हिशेबही सरळ नाही. धरणाकाठी विजेच्या पंपांनी पाणी उचलणे, शुद्ध करणे, टाक्यांत चढविणे, हा खर्च पाणी वापरले गेले काय किंवा गळून गेले काय, सारखाच होतो. जे पाणी मुरलेल्या नळातून जमिनीत जाते, त्याची किंमत शेवटी नियमित पट्टी भरणाऱ्यावरच पडते. मुख्य वाहिनीला थेट मोटार जोडणारा गृहस्थ नवे पाणी निर्माण करीत नाही, शेजाऱ्याच्या नळाचा दाब तेवढा ओढून घेतो. सदनिकांच्या इमारतीत सर्वांना मिळून एक मीटर असतो आणि बिल समान वाटले जाते. तेथे काटकसर करणाऱ्याला काटकसरीचा लाभच मिळत नाही. मग टाकी वाहत राहिली तरी कोणी उठून पाहत नाही.

मग पाण्याला पूर्ण किंमत लावावी काय? हा प्रश्न इतका सोपा नाही. शाहू महाराजांनी १९१९ साली सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचा हुकूम काढला, त्या या शहरात पाणी हा निव्वळ विक्रीचा माल मानता येणार नाही. पिण्याला, स्वयंपाकाला आणि स्वच्छतेला लागेल तेवढे पाणी प्रत्येक कुटुंबाला अल्प दरात मिळालेच पाहिजे. त्यापुढील वापराला चढता दर असावा. झोपडपट्टीतील कुटुंबाला खरी अडचण मासिक बिलाची नसते, जोडणीच्या एकरकमी खर्चाची असते. तो खर्च हप्त्यांनी घेतला, तर कित्येक घरांत नळ आणि ड्रेनेज दोन्ही जातील.

महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमात पाणीपट्टी व मलनिःसारण कर यांचा वेगवेगळा उल्लेख आहे. कायद्याने जे वेगळे ओळखले, ते नागरिकाला बिलावरही वेगळे दिसावे. आपल्या पैशांतून पाणी आणण्यावर किती आणि ते शुद्ध करून सोडण्यावर किती खर्च झाला, हे महापालिकेने दरवर्षी साध्या मराठीत प्रसिद्ध करावे. नवी नळजोडणी देतानाच ड्रेनेजच्या जोडणीची खातरजमा करावी. जेथे वाहिनीच नाही, तेथे ती केव्हा टाकणार याची तारीख द्यावी. दंडाची भाषा त्यानंतरची आहे.

२०१९ आणि २०२१ च्या महापुरात उपसा केंद्रे पाण्याखाली गेली आणि चोहोबाजूंनी पाणी असताना शहराला टँकरसमोर रांगा लावाव्या लागल्या. आपल्या घरातील नळ हा एका मोठ्या व्यवस्थेचे केवळ शेवटचे टोक आहे, हे तेव्हा सर्वांनी अनुभवले. त्याच व्यवस्थेचे दुसरे टोक आपल्या मोरीतून सुरू होते. त्याचीही जोडणी, देखभाल आणि पट्टी आपलीच आहे, असे मानावयास आता विलंब होऊ नये.